मदत हवी आहे : मसावि बाहेर काढताना कंसातला १ गळतो

नमस्कार मंडळी. माझी भाची आठवीत आहे. १२क्ष³ + १८क्ष² − ६क्ष या बहुपदीतून ती ६क्ष हा मसावि बरोबर बाहेर काढते, पण कंसात २क्ष² + ३क्ष एवढंच लिहिते. "शेवटचं पद अख्खं बाहेर गेलं, मग आत काय उरणार?" असं तिचं म्हणणं. ६क्ष ला ६क्ष ने भागलं की १ येतो, शून्य नाही, हे भागाकारात तिला पटतं. कंसात मात्र −१ येतच नाही. परत गुणून पडताळा घेतला की चूक लगेच दिसते, पण परीक्षेत तेवढा धीर कुठला!

आणखी एक. −८क्ष² + १२क्ष मधून ४क्ष काढायला शिकवू की −४क्ष? दोन्ही बरोबरच, पण −४क्ष(२क्ष − ३) पुढे सोपं जातं असं मला वाटतं. शिकवणाऱ्यांनो, वर्गात हे कसं पक्कं करून घेता?