कथेतला उसातला चोरटा मुका: तपशील पटतात का?

कथेकरी: कथेतली दोघं पंचविशीतली, बांधाला बांध लागून शेती. गाव सांगलीकडचं, काळ आजचा. एप्रिलच्या भर दुपारी दोघं उसात शिरतात, पाचटावर बसतात आणि पहिला चोरटा मुका, मी त्याला साखरेची उपमा दिलीय. काही खटकतंय का?

बांधकोरा: आधी उसाची लागण, म्हणजे लावणी, कुठली ते ठरवा. आडसाली जुलै-ऑगस्टची, एप्रिलला आठ-नऊ महिन्यांची, तिच्यात माणूस झाकतो. सुरू लागण डिसेंबर ते फेब्रुवारीची; एप्रिलला तिच्यात फार तर ससा लपेल.

आडसालीत शिरलात तरी पानाची कड करवतीसारखी. गाल, हात चिरतात, त्यात घाम झोंबतो. देठाची कूस, म्हणजे बारीक काटेरी लव, मानेत शिरते. वारा आत येत नाही, वाळलं पाचट पावलागणिक वाजतं. पुऱ्या बाह्या नि डोक्याला टॉवेल नसेल तर दोघांच्याही हातांवर सारखेच ओरखडे उठतील. आईला तेवढं पुरे. (कथेला हे कामाचं आहे, वापराच.)

गोफणगुंडा: प्रसंग शाळवात, म्हणजे रब्बी ज्वारीत, हलवायचा विचार असेल तर सावध. हुरड्याच्या दिवसांत, म्हणजे डिसेंबरअखेर ते जानेवारी, सकाळी आणि तिसऱ्या प्रहरी पाखरं येतात आणि तेव्हाच राखण्या माळ्यावर, म्हणजे मचाणावर, असतो. वारा पडलेला असताना चारच ताटं हलली, तर तो डुक्कर समजून गोफण फिरवेल.

कथेकरी: मग रात्री पाणी पाजताना?

बांधकोरा: चालेल, पण ठिबक नको. ठिबक असेल तर रात्रभर रानात थांबायचं निमित्तच जातं. पाटपाणी आणि मोटरीला रात्रपाळीची लाईट ठेवा. पाच एचपीची मोटर, शंभर-सव्वाशे फुटांची सरी असेल तर दहा-पंधरा मिनिटांत दारं मोडावं, म्हणजे पाणी पुढच्या सरीत वळवावं लागतं. तेवढाच वेळ हातात. चुकला तर सरी फुटून पाणी शेजारच्या रानात, म्हणजे तिच्याच बापाच्या.

रानभाजी: ती रात्री कशी येणार, ते कुणीच सांगत नाही. तिला पहाटे आणा. नोव्हेंबर-डिसेंबरात, फुलं यायच्या आधी, बायका हरभऱ्याचे शेंडे खुडायला जातातच. तो पाणी आटपून चिखलाच्या पायांनी बांधावर, ती ओटीत भाजी घेऊन. हरभरा जेमतेम फूटभर, लपायला काही नाही; आडोसा धुक्याचा, तोही ऊन चढेपर्यंतच. पानांवर आंब असते. खुडताना बोटं आंबट होतात, ती बोटं ओठांना लागली की मुकाही आंबट. साखरेची उपमा तेवढी काढून टाका.