जादूच्या उजेडाला नियम काय लावू?

हळदकर_सांगली: मंडळी फँटसी कादंबरी लिहायला घेतलीय, त्यातल्या जगात उजेड साठवता येतो, म्हणजे दिवसा दगडात भरायचा अन् रात्री मंत्र म्हणून सोडायचा, नाव ठेवलंय तेजविद्या. पण दोस्त म्हणतोय नियम नसले तर सगळं फुकटचं वाटतं. काय करू?

अजिंक्यतारा_खाली: भावा आधी खरा उजेड बघ की. अंतर दुप्पट झालं की उजेड पावच उरतो. तुझा मांत्रिक १० पावलांवरनं दगड पेटवतोय ना, मग २० पावलांवर चौपट दम लागू दे, लगेच जादूला किंमत आली.

मिरजकर_ताई: सांगलीचा असून हळद विसरलास होय 😄 चिमूटभर हळद सॅनिटायझरमध्ये कालव, अंधारात नोटा तपासायची यूव्ही टॉर्च मार, वाटी हिरवट पिवळी चमकते. न दिसणारा उजेड गिळून दिसणारा बाहेर टाकते ती. पण टॉर्च बंद की खेळ खल्लास, साठत काय नाही. पोरांच्या खोलीत छताला चिकटवायच्या चांदण्या असतात बघ, त्या साठवतात, अन् हळूहळू मंद होत जातात. तुझा दगड तसा कर, पहाटेपर्यंत पुरला नाही तर गोष्टीत मजा.

हळदकर_सांगली: ताई आत्ताच करून बघितलं, आईची स्टीलची वाटी पिवळी केली म्हणून बोलणी खाल्ली. पण मांत्रिकाची बोटं पिवळी ठेवणार आता, त्यावरनंच ओळखतील लोक त्याला!