बाहेरच्या अंदाजी आकड्यांपायी हातची जाहिरात गेली

नौपाडाकर

ठाण्यातल्या दुकानदारांच्या एका व्हॉट्सअॅप गटात परवा एका जाहिरात सल्लागारानं टाकलं: "साइटवर किती लोक येतात याचे साइटवाला स्वतःचे आकडे दाखवतो त्यावर जाऊ नका. बाहेरची सेवा काय दाखवते ते बघा, तेच खरं." खाली अंगठ्यांची रांग. तिथे उत्तर दिलं असतं तर गुड मॉर्निंगच्या फुलांखाली गेलं असतं, म्हणून इथे सविस्तर लिहितोय.

मी ठाण्यातल्या नाटक-गाण्यांच्या कार्यक्रमांचं वेळापत्रक देणारी साइट चालवतो. गडकरी, घाणेकर ही नाट्यगृहं तर आहेतच, शिवाय शाळांची सभागृहं आणि वाचनालयांतले छोटे कार्यक्रम, ज्यांची जाहिरात कुठेच येत नाही. या सल्ल्यावरून एका क्लासच्या मालकांनी ठरलेली जाहिरात मागे घेतली. मला फोनवर त्या बाहेरच्या सेवेचं पान दाखवलं. आमच्या साइटच्या नावापुढे लिहिलं होतं, 'पुरेशी माहिती उपलब्ध नाही'. त्यांनी अर्थ काढला, इथे कुणी फिरकत नाही.

अहो, 'आम्हाला माहीत नाही' आणि 'कुणी येत नाही' यात जमीन-अस्मानाचं अंतर आहे!

माझ्या पानात गूगलचा मोजणीचा कोड आहे. पान उघडलं की तो चालतो, ब्राउझरच्या कुकीत, म्हणजे तो जपून ठेवतो त्या छोट्या नोंदीत, एक क्रमांक ठेवतो आणि 'पान उघडलं', 'खालपर्यंत गेला', 'तिकिटाच्या लिंकवर क्लिक केलं' अशा नोंदी पाठवतो. सिमिलरवेबसारख्या बाहेरच्या सेवेचा माझ्या पानात एक अक्षराचाही कोड नाही. काही लोकांच्या ब्राउझरमधली एक्स्टेंशन्स (ब्राउझरला जोडायचे छोटे प्रोग्राम), काही अॅप्स, भागीदार कंपन्यांकडून आलेला डेटा, वेबवर उघड असलेली माहिती, हे सगळं गोळा करून त्यावर गणित मांडायचं आणि अंदाज काढायचा, हे त्यांचं काम. दुकानाच्या दारात उभं राहून गिऱ्हाईक मोजणं वेगळं. तलावपाळीवर फिरायला आलेल्या चार जणांना 'खरेदी कुठे करता' विचारून राममारुती रोडवरच्या प्रत्येक दुकानाचा गल्ला सांगणं वेगळं. मोठ्या दुकानाचं नाव कुणीतरी घेईलच. बोळातल्या दुकानाचं कुणी घेतलं नाही, म्हणजे ते बंद आहे का?

साइट्सना क्रमांक देणाऱ्या अलेक्साचं (बोलणाऱ्या स्पीकरचं नव्हे) काय झालं ते आठवा. १९९६ ची कंपनी, १९९९ मध्ये अॅमेझॉननं घेतली. ज्यांनी ब्राउझरमध्ये तिचा टूलबार बसवला होता त्यांच्या वावरावरून जगभरच्या साइट्सचा क्रमांक लावायची आणि लोक तो क्रमांक व्हिजिटिंग कार्डावर छापायचे. १ मे २०२२ ला ते दुकान बंद झालं. क्रमांक गेला, साइट्स आहेत तिथेच आहेत.

पामबीच

क्लायंटचे पैसे कुठे लावायचे हे ठरवणं हेच माझं काम आहे, त्यामुळे दुसरी बाजूही ऐका.

वाशीतल्या माझ्या एका क्लायंटला एका पोर्टलवाल्यानं 'महिन्याचे हिट्स' दाखवून वर्षभराची जाहिरात घेतली. हिट म्हणजे सर्व्हरकडे गेलेली प्रत्येक मागणी. पानावर तीस चित्रं असतील तर एका माणसानं एकदा पान उघडलं की तिसाच्या वर हिट्स. क्लायंटला ती माणसं वाटली. चौकशीचा एक फोन आला नाही आणि शिव्या खाल्ल्या मी. तुमचा स्क्रीनशॉट खरा असेलही. पण ब्राउझरमध्ये 'इन्स्पेक्ट' करून आकड्यामागे शून्य लावायला शाळकरी पोरालाही मिनिट लागत नाही. मग मी विश्वास कशावर ठेवू? तुमच्या चेहऱ्यावर?

बाहेरची सेवा चुकत असेल. पण सगळ्यांच्या बाबतीत एकाच पद्धतीनं चुकते, म्हणून दोन साइट्सची तुलना करायला चालते. टीव्हीचं रेटिंग तरी काय आहे? बार्कची यंत्रं देशातल्या थोड्याशाच घरांत बसतात आणि त्यावर कोट्यवधींच्या जाहिराती ठरतात. कुणी म्हणतं का की प्रत्येक घरात जाऊन मोजा?

नौपाडाकर

त्याच बार्कला २०२० च्या ऑक्टोबरपासून २०२२ च्या मार्चपर्यंत बातम्यांच्या वाहिन्यांचं रेटिंग थांबवून ठेवावं लागलं होतं. उदाहरण जपून निवडा.

आणि 'एकाच पद्धतीनं चुकते' हे साफ चूक. अँड्रॉइडवरच्या क्रोममध्ये एक्स्टेंशन चालतच नाही. माझा वाचक लोकलमध्ये उभ्या उभ्या फोनवर बघतो, आज घाणेकरला काय आहे ते. नोकरीच्या किंवा शेअर बाजाराच्या साइट्स लोक ऑफिसच्या कॉम्प्युटरवर उघडून बसतात. त्या या जाळ्यात सापडतात, मी सापडत नाही. यात तुलना कसली करताय?

महापे_एमआयडीसी

दोघंही 'माझा आकडा खरा' म्हणून बसला आहात. दिवसभर हेच मोजणीचे कोड बसवतो म्हणून सांगतो, दारात उभा केलेला माणूसही धड मोजत नाही.

जाहिराती अडवणारा अॅडब्लॉकर असेल तर कोड चालतच नाही, तो वाचक गायब. आयफोनच्या सफारीत कोडनं ठेवलेली कुकी सात दिवसांत पुसली जाते, म्हणजे पंधरवड्यानं येणारा तुमचा नेहमीचा वाचक दर वेळी 'नवा'. फोनवर एक आणि ऑफिसात एक, असा एकच माणूस दोनदा. अर्धा तास हालचाल झाली नाही की पुढचं क्लिक नवी भेट धरली जाते. माणसाऐवजी पानं उघडणारे प्रोग्राम, म्हणजे बॉट, त्यातले ओळखीचे गाळले जातात, अनोळखी राहतात.

बाऊन्स रेटचं, म्हणजे एकच पान बघून निघून जाणाऱ्यांच्या प्रमाणाचं, तर बोलूच नका. जुन्या गूगल अॅनालिटिक्समध्ये माणूस एक लेख निवांत वाचून गेला तरी बाऊन्स. त्याच्या नव्या आवृत्तीत, जीए-४ मध्ये, दहा सेकंद थांबला की तो गुंतलेला वाचक. १ जुलै २०२३ ला जुनं बंद झालं आणि कितीतरी एजन्सीवाल्यांनी 'आम्ही बाऊन्स रेट खाली आणला' म्हणून बिलं लावली. व्याख्या बदलली होती, साइट तीच होती! आणि २०२४ च्या जुलैनंतर जुन्या नोंदी बघायलाही मिळेनात. ज्यांनी उतरवून ठेवल्या नाहीत त्यांचा वर्षानुवर्षांचा इतिहास गेला. फुकटच्या सेवेत स्वतःचा हिशेब ठेवणाऱ्यांनी हे विसरू नये.

एक किस्सा. तुर्भ्याच्या मार्केटमधला एक मसाल्याचा व्यापारी. रिपोर्टमध्ये सगळ्यात जास्त वर्दळ रात्री दहाला. त्यांनी रात्री दहाच्या सुमारास ऑफर टाकायला सुरुवात केली, प्रतिसाद शून्य. बघितलं तर खातं उघडणाऱ्यानं टाइमझोन लॉस एंजलिसचा ठेवलेला. हिवाळ्यात तिथले रात्रीचे दहा म्हणजे आपले सकाळचे साडेअकरा. गिऱ्हाईक मार्केटच्या ऐन वेळेत येत होतं आणि हे रात्री हाका मारत होते.

शेवंती_वाशी

साइट्सचं तरी बरं म्हणायचं. अॅपवाल्यांचं विचारा.

घरगुती मसाले आणि भाजण्यांसाठी अॅप बनवून घेतलं. बनवणारा दर महिन्याला डाउनलोडचा आकडा पाठवायचा आणि तो वाढतच जायचा, कारण डाउनलोडची बेरीज कधी कमी होत नाही. किती जणींनी उघडलं, किती जणींनी काढून टाकलं, हे मी विचारायला लागल्यावर उत्तरं बंद झाली. दुसऱ्या मुलीकडून फायरबेसची, म्हणजे अॅपचा वापर मोजणाऱ्या सेवेची, परवानगी मिळवली तेव्हा कळलं, बहुतेक जणी दिवाळीच्या फराळाला अॅप घेतात आणि नंतर काढतात. हे मला आधी दिसलं असतं तर चैत्रातही पन्ह्याचा, आंबाडाळीचा काही निरोप पाठवला असता. त्या आकड्यापायी माझे दोन हंगाम गेले.

आणि पामबीच, बाहेरच्या सेवेचं एवढं कौतुक नको. अॅप अॅनी आठवते का? अॅपचे अंदाज विकणारी मोठी कंपनी. अॅपवाल्यांनी भरवशानं आपले खरे आकडे तिला दिले. ते सगळ्यांच्या बेरजेत मिसळून, नाव न कळता वापरू असं तिचं आश्वासन होतं. तिनं तेच कच्चे आकडे वापरून अंदाज दुरुस्त केले आणि गुंतवणूकदारांना विकले. २०२१ मध्ये अमेरिकेच्या शेअर बाजार नियामकानं, सेकनं, पकडलं, एक कोटी डॉलरवर प्रकरण मिटलं.

घोडबंदरवासी

माझ्या फर्निचरच्या साइटवर रिपोर्ट म्हणतो, सगळं गिऱ्हाईक 'मुंबई'. गिऱ्हाईक तर कासारवडवली, ओवळा, मानपाड्याचं. पण मला त्यात चूक वाटत नाही. ठाणे आता मुंबईच आहे, वेगळं नाव लावून मिळतं काय?

नौपाडाकर

हे वाक्य मागे घ्या. शिलाहारांची राजधानी होतं हे शहर, तेव्हा मुंबई ही सात बेटं होती. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून सुटलेली गाडी ठाणे या गावाला आली, मुंबईच्या एका टोकाला नाही. महापालिका आमची वेगळी, तलाव आमचे, रंगायतन आमचं.

घोडबंदरवासी

शिलाहार राहू द्या. नोकरी अंधेरीला, फोनचा कोड ०२२, घरांच्या जाहिरातीत 'मुंबईपासून दहा मिनिटं'. नौपाड्यात स्टेशनजवळ राहून ठाण्याचा अभिमान परवडतो. आमच्याकडे कोंडीत गाडी बंद करून बसावं लागतं आणि टँकरची वाट बघावी लागते, तेव्हा ठाणे कुठे असतं?

नौपाडाकर

कोंडीचा राग शहराच्या नावावर काढू नका. शेतांवर टॉवर आम्ही नाही बांधले.

ऐरोलीकर

तुम्ही दोघं भांडा, आम्हाला कुणी विचारतच नाही. ऐरोली, दिवा, गोठिवली, घणसोली ही गावं नवी मुंबई वसवणाऱ्या सिडकोच्या कितीतरी आधीची. सिडको १९७० ची. आमच्या जमिनी गेल्या, त्या बदल्यात साडेबारा टक्के भूखंड परत मिळावेत म्हणून लढावं लागलं, आणि आता जिल्हा ठाणे, गाडीवर एमएच ४३, रिपोर्टमध्ये 'मुंबई'. बायको आगरी जेवणाच्या ऑर्डरी घेते. ऑनलाइन जाहिरात फक्त नवी मुंबई आणि ठाणे निवडून लावली होती. फोन बोरिवली-मालाडचे! जिताड्याचं कालवण घेऊन तिकडे कोण जाणार? पैसे मात्र प्रत्येक क्लिकचे कापले गेले.

महापे_एमआयडीसी

यात शिलाहारांचा दोष नाही. शहर ठरतं इंटरनेट जोडणीच्या क्रमांकावरून, म्हणजे आयपी पत्त्यावरून. मोबाइल कंपन्या असंख्य ग्राहकांना थोड्याशा सार्वजनिक पत्त्यांमागे बसवतात, आणि तो पत्ता ज्या शहराच्या नावावर नोंदला असेल ते शहर लागतं. ठाणे, नवी मुंबई, कल्याण टेलिकॉमच्या मुंबई सर्कलमध्येच येतात. म्हणून ऐरोलीचा फोन 'मुंबई' आणि मालाडचा कधी 'ठाणे'. राज्यापर्यंत ठीक, शहराच्या तक्त्यावर पैसे लावू नका. वाचक थोडे असतील तर ओळख पटू नये म्हणून जीए-४ काही ओळी लपवतंही.

घोडबंदरवासी

म्हणजे टेलिकॉमनंही मुंबईच धरलंय. माझा मुद्दा तोच होता.

नौपाडाकर

टेलिकॉमच्या सोयीनं शहरं ठरत नाहीत. यापुढे तुम्हाला उत्तर देणार नाही.

खारेगाव

सगळे आकड्यांवर भांडताय, पण बाहेरच्या सेवेच्या 'पॅनल'मधल्या, म्हणजे ज्याचं ब्राउझिंग बघून ती अंदाज काढते त्या माणसाला तो पॅनलमध्ये आहे हे ठाऊक असतं का? अवास्ट या अँटिव्हायरसनं लोकांचं ब्राउझिंग गोळा करून जंपशॉट या स्वतःच्याच कंपनीमार्फत विकलं. बोभाटा झाल्यावर २०२० च्या जानेवारीत जंपशॉट बंद केली, २०२४ मध्ये अमेरिकेत एक कोटी पासष्ट लाख डॉलर मोजावे लागले. चोरांपासून वाचायला ज्यांनी ते बसवलं त्यांचीच ये-जा विकली गेली. माझ्या वडिलांच्या कॉम्प्युटरवर 'पीडीएफ फुकट करा' म्हणणारी कसली कसली एक्स्टेंशन्स मी स्वतः काढली आहेत. आपल्याकडे २०२३ चा डेटा संरक्षण कायदा आहे, पण परवानगीचं ते लांबलचक पान वाचणार कोण? मला तर नौपाडाकरांनी वाचकांमागे गूगलचा कोड लावलाय तेही पटत नाही. मटोमो हे मोजणीचं साधन स्वतःच्या सर्व्हरवर बसवता येतं, माहिती बाहेर जात नाही.

नौपाडाकर

मटोमोचा सल्ला घेतो. पण मग पामबीच म्हणतील, सर्व्हर तुमचा, आकडे तुमचे, विश्वास कसा ठेवू.

पामबीच

म्हणणारच, क्लायंटचे पैसे आहेत. पण 'पुरेशी माहिती नाही' म्हणजे शून्य नव्हे, एवढं मान्य करतो. त्या सल्लागारानं क्लासवाल्यांना हे सांगायला हवं होतं. नाही सांगितलं तर त्याचं काम कच्चं.

सिमिलरवेबला तुम्ही तुमचं गूगलचं खातं जोडू शकता, मग अंदाजाऐवजी खरे आकडे दिसतात. तेवढं करा, वाद मिटला.

नौपाडाकर

नाही करणार. शेवंतीताईंनी अॅप अॅनीचं वर सांगितलंय ते वाचून तर मुळीच नाही. ज्यांचा धंदाच आकडे विकण्याचा त्यांना मी माझे फुकट देऊ, तेही त्यांनी मला 'माहीत नाही' म्हटलं म्हणून?

मी क्लासवाल्यांना माझ्या अॅनालिटिक्सच्या खात्यात फक्त बघण्याची परवानगी देतो. त्यात काही बदलता येत नाही आणि स्क्रीनशॉटची शंकाही राहत नाही. हवं तेव्हा त्यांनी स्वतः उघडून बघावं.

महापे_एमआयडीसी

त्यासोबत त्यांच्या जाहिरातीच्या लिंकला यूटीएम खुणा लावा, म्हणजे माणूस कुठून आला ते सांगणारे शब्द लिंकच्या शेवटी जोडा. किती जण तुमच्याकडून गेले आणि त्यातल्या किती जणांनी प्रवेशाचा फॉर्म भरला, हे त्यांच्या स्वतःच्या साइटवर मोजलं जाईल. व्हॉट्सअॅपवर टाकाल त्या लिंकला वेगळी खूण, नाहीतर तिथून आलेले 'डायरेक्ट', म्हणजे थेट आलेल्यांमध्ये पडतात आणि श्रेय कुणालाच मिळत नाही.

पामबीच

ही माहिती मला चालेल. बघण्याची परवानगी आणि खुणा लावलेली लिंक दोन्ही असेल तर माझ्या एका ठाण्यातल्या क्लायंटलाही विचारतो. पण महिन्याच्या बोलीवर, वर्षाचा करार मागू नका. आणि शहराचा तक्ता पाठवू नका, मी बघणार नाही.