तोतया सापडला नाही, तर बनावट दस्ताचा गुन्हेगार कोण?

धागाकर्ता:
परक्याच्या मिळकतीवर तोतया उभा करणारा बनावटीकरणाच्या आरोपातून सुटू शकतो, ही कायद्यातली उणीव आहे असे माझे मत आहे. शीला सेबॅस्टियन प्रकरणात (२०१८) तोतया बाईने मालकिणीच्या नावाने कुलमुखत्यारपत्र करून दिल्याचा आरोप होता. ती बाई सापडली नाही, आणि ते पत्र मिळवणारा खोटा दस्त ‘बनवणारा’ ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१९ने तोतयेगिरीची कमाल शिक्षा तीनवरून पाच वर्षे केली. कलम ३३५मधली खोट्या दस्ताची व्याख्या मात्र जवळपास जुनीच राहिली.

प्रतिसाद १:
असहमत. लाभ कोणाला झाला यावरून बनावटीकरण ठरवू लागलो, तर चुलत्याने रचलेल्या खोट्या मृत्युपत्रामुळे वाटा वाढलेला, काहीही ठाऊक नसलेला पुतण्याही आरोपी होईल. जाणूनबुजून बनावट दस्त खरा म्हणून वापरणाऱ्याला कलम ३४०(२) बनवणाऱ्याइतकीच शिक्षा देते आणि कटासाठी कलम ६१ आहे. त्याच निकालात न्यायालयाने तपासाविषयी नाराजी नोंदवली होती, हे आपण वगळलेत.

धागाकर्ता:
नाराजीने मालकिणीला काय मिळाले?

प्रतिसाद २:
मला त्याहून खटकतो तो मोहम्मद इब्राहिम विरुद्ध बिहार राज्य (२००९) हा निकाल. दुसऱ्याची जमीन स्वतःची म्हणून स्वतःच्याच नावाने विकली, तर तो दस्त खोटा ठरत नाही, कारण सही करणाऱ्याने दुसऱ्याचे सोंग घेतलेले नसते. फसवणुकीची फिर्याद खरेदीदार देऊ शकतो. खऱ्या मालकाला कोणी काही भासवलेलेच नसल्यामुळे त्याची फसवणूक झाली असे मानले जात नाही, आणि तो दिवाणी न्यायालयात वर्षानुवर्षे तारखा घेत बसतो.

प्रतिसाद १:
मालकी हक्काचा वाद पोलीस ठाण्यात नेण्याची आपल्याकडची सवय पाहता तो निकाल मला योग्यच वाटतो. तोतयेगिरीत खरी कडी वेगळी आहे. दुय्यम निबंधकासमोर ओळख पटवणारे दोघे, दस्त करून देणाऱ्याला आपण व्यक्तिशः ओळखतो, असे निवेदन करून सही आणि अंगठा देतात. नोंदणी अधिनियम, १९०८ च्या कलम ८२ खाली तोतयाला आणि त्याला साथ देणाऱ्यालाही सात वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. तोतया पसार झाला तरी त्या दोघांचे पत्ते दस्तावरच असतात. तपास तिथून का सुरू होत नाही?