शाळेसाठी जंगल गहाण? फालेआलुपोच्या कराराबद्दल तुमचं मत काय?

पानफुटी:
सह्याद्रीतल्या नरक्या या औषधी झाडाच्या तोडीवर बोलताना इथे एक मत आलं होतं, की गावाचं औषधी ज्ञान शास्त्रज्ञांच्या हाती पडलं की झाडही जातं आणि गावही नागवलं जातं. मला हे सरसकट मान्य नाही. कारण पॅसिफिक महासागरातल्या सामोआ या देशातलं फालेआलुपो.

सवाई बेटाच्या पश्चिम टोकाचं हे गाव. मेलेल्यांचे आत्मे इथूनच परलोकात जातात, अशी सामोअन लोकांची जुनी समजूत. १९८०च्या दशकात पॉल कॉक्स हे अमेरिकी वनस्पतीशास्त्रज्ञ तिथे कुटुंबासह राहिले. सामोअन बोलत बोलत औषध देणाऱ्या बायकांकडून शिकले. त्यांतल्या एपेनेसा मौइगोआ यांनी मामाला नावाच्या झाडाचं खोड ठेचून, गरम पाण्यात मुरवून काविळीला कसं देतात ते दाखवलं.

१९८८ मध्ये गावाला शाळा बांधणं भाग होतं आणि हातात पैसा नव्हता. नाइलाजाने जंगल लाकूड कंपनीला दिलं. कॉक्सनी शाळेच्या पैशांची जबाबदारी अंगावर घेतली, आणि १९८९ मध्ये करार झाला: सुमारे ३०,००० एकरांत ५० वर्षं व्यापारी तोड नाही. जमीन गावाचीच, औषधं आणि होडीचं लाकूडही गावाचंच. कुंपण घालून माणसं बाहेर काढली नाहीत, हे मला फार मोलाचं वाटतं.

वाटसरू:
जंगल वाचलं याचा आनंद मलाही आहे. पण मुळातच खटकतं ते हे, की शाळा हवी तर जंगल विका, असा पेच एखाद्या गावावर यावाच का? शाळा हा पोरांचा हक्क आहे. तो पेच सुटला, कारण नेमका त्या वेळी एक परदेशी माणूस तिथे होता. शेजारच्या गावात असा कुणी नसला तर? एका भल्या माणसावर टेकलेलं संवर्धन मला कच्चं वाटतं.

रानमोगरा:
मला औषधाचं बोलायचंय. त्या मामालातून अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेने प्रोस्ट्रॅटिन हे रसायन वेगळं केलं. शरीरात दडून बसलेल्या एचआयव्हीला ते बाहेर काढतं, म्हणून गाजावाजा झाला. २००१ च्या करारात नफ्याचे २० टक्के सामोआला द्यायचं ठरलं. सरकारला १२.५, गावाला ६.७ आणि दोन वैदूबायांच्या कुटुंबांना प्रत्येकी ०.४. ज्यांनी झाड ओळखलं, त्यांच्या वाट्याला अर्ध्या टक्क्याहून कमी! आणि औषध बाजारात आलेलंच नाही, म्हणजे नफाही नाही. आपल्या नरक्याचं काय झालं? कॅन्सरच्या औषधासाठी त्यातल्या कॅम्प्टोथेसिन या द्रव्याला मागणी आली आणि सह्याद्रीतली झाडं पोत्यांत भरून गेली.

पानफुटी:
रानमोगरा, ०.४ वाचून मीही थांबले होते. तो वाटा मला कमीच वाटतो, त्याची बाजू घेणार नाही. पण नरक्याच्या बाबतीत विचारायला कुणी होतं का? कागदावर गावाचं नाव होतं का? फालेआलुपोत ते होतं. पुढे २००४ मध्ये बर्कलीच्या विद्यापीठाने मामालाचे जनुक वापरून प्रोस्ट्रॅटिन जिवाणूंकडून बनवून घेण्याचं काम हाती घेतलं, आणि त्यातल्या नफ्याचा निम्मा हिस्सा सामोआला देण्याचं मान्य केलं. जमलं, तर झाड तोडायची गरजच नाही.

वाटसरू, परदेशी माणूस निमित्त झाला हे खरं. पण शब्द दिला तो गावाने. १९९० चं ओफा आणि १९९१ चं वाल, लागोपाठच्या दोन चक्रीवादळांनी सवाई झोडपून काढलं. तरी गावाने करार मोडला नाही. पर्यावरणाच्या कामासाठीचं १९९७ चं गोल्डमन पारितोषिक कॉक्स आणि गावचे सरदार फुइओनो सेनिओ या दोघांना मिळून दिलं गेलं, ते मला योग्य वाटतं.

वाटसरू:
मान्य. पण ५० वर्षं म्हणजे २०३९. सह्या करणारे बहुतेक तेव्हा नसतील. नातवंडांनी तोडायचं ठरवलं तर?

पानफुटी:
तर तो त्यांचा निर्णय, जमीन त्यांची आहे. फक्त तो घेताना मामाला कुठला आणि तो कशाला देतात, हे सांगणारी एखादी म्हातारी त्या बैठकीच्या वेळी गावात असावी, एवढंच मला वाटतं. हे ज्ञान बहुतेक आईकडून मुलीकडे जातं. त्या मुली आज काय शिकताहेत, याची मला जंगलापेक्षा जास्त काळजी आहे.