आत्मपर फिल्म करायला देश सोडावा का?

तापीकाठ:
खानदेशात कॅमेरा हातात घेणाऱ्या प्रत्येकाला एकच सल्ला मिळतो: आधी गावावर फिल्म कर. मला तो पटत नाही. शांताल आकेरमान ही ब्रुसेल्सची फिल्म दिग्दर्शिका. तिने १९७६ साली न्यूयॉर्कचे रस्ते आणि भुयारी रेल्वे टिपली आणि त्यावर आईची घरून आलेली पत्रं स्वतःच्या आवाजात वाचली. ती न्यूयॉर्कला राहायला गेलीच नसती, तर पत्रं आली असती का? आपल्याकडच्या कुणाला पोर्तुगालमधल्या लिस्बनच्या रस्त्यांवर घरचे अहिराणी फोन ऐकवून अशी फिल्म करता येईल.

केळीबाग:
भाऊ, ती तिथं आधी राहिलेली होती, हेही सांगा ना. पोर्तुगालसह युरोपातल्या बऱ्याच देशांना चालणाऱ्या शेंगेनच्या पर्यटक व्हिसावर १८० दिवसांत ९० दिवस मिळतात. माणसं तेवढ्यात मोकळी होत नाहीत. रावेर-यावलला केळीची मृगबाग, म्हणजे पावसाळ्याच्या तोंडावरची लागवड, लागली की घड कापायला जवळपास वर्ष लागतं. तेवढ्या काळात शेतकरी, कापणीचे मजूर, ट्रक भरणारे कॅमेरा विसरतात. पाहुण्याशी लोक पाहुण्यासारखंच बोलतात.

तापीकाठ:
म्हणूनच आवाका लहान ठेवायचा. एक गल्ली, एक खिडकी, रोज त्याच वेळी. ९० दिवस त्याला पुरतात.

सांधणी:
कुठंही जा, पण एडिटिंगला रडवणाऱ्या चुका टाळा. अमेरिकेत वीज ६० हर्ट्झची. आपल्या सवयीचं १/५० सेकंदाचं शटर ठेवलं तर ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकतं. सेकंदाला फ्रेम २५च ठेवा, शटर १/६० करा. सुट्या बॅटऱ्या केबिनमध्येच न्या. १०० वॉट-अवरपर्यंत चालतं, त्यापुढे १६० पर्यंत विमान कंपनीची परवानगी लागते, तीही दोनच बॅटऱ्यांना. सामान जास्त असेल तर फिक्की या उद्योग संघटनेकडून कार्नेट काढा, म्हणजे सामान परत आणायच्या बोलीवर ड्यूटी न भरता नेण्याचा कागद. यादीत प्रत्येक सिरीयल नंबर हवा. परत निघताना तिथल्या कस्टमचा शिक्का राहिला तर ड्यूटीची मागणी मागे लागते. रेकॉर्डिंग १०० एमबीपीएसवर (सेकंदाला १०० मेगाबिट) ठेवलं तर तासाला ४५ जीबी भरतात, म्हणजे ६० तासांचे २.७ टीबी. तीन प्रती म्हटल्या की ८ टीबीच्या वर. आणि प्रत्येक जागेचा मिनिटभर नुसता आवाज घ्या. तो राहिला तर त्यासाठी परत लिस्बनला कोण जाणार?

केळीबाग:
हेच तर म्हणतोय. रावेरला राहिलेला आवाज दुसऱ्या दिवशी घेता येतो. अहिराणीचा उतारा, म्हणजे बोललेलं शब्दशः, स्वतः बसून लिहिता येतो. पोर्तुगीज बोलण्याचा उतारा आणि भाषांतर दोन्ही विकत घ्यावं लागतं, आणि पैसे तोवर तिकिटात गेलेले असतात. पहिल्या फिल्मला हा भार नको.

तापीकाठ:
पण फोन अहिराणीतच आहेत की! पोर्तुगीज फक्त रस्त्यावरून कानावर पडणार. त्याचा उतारा लागतोच कशाला?