मदत हवी आहे: पँथर्सची १३.९ ची सरासरी मुलाच्या गणिताच्या प्रोजेक्टमध्ये कशी मांडावी?

सांगलीकरीण

नमस्कार मंडळी,

आम्ही अमेरिकेत शार्लटला राहतो. मुलगा सातवीत आहे आणि कॅरोलायना पँथर्स हा इथला अमेरिकन फुटबॉलचा संघ त्याचा जीव की प्राण. ७ जानेवारी २०२४ ला त्यांचा २०२३ चा सीझन संपला. १७ सामने, २ जिंकले, १५ हरले. केलेले गुण २३६, खाल्लेले (म्हणजे समोरच्यांनी केलेले) ४१६. म्हणजे सामन्यामागे १३.९ गुण. यंदा लीगमधल्या संघांची सरासरी बावीसच्या आसपास आहे, त्यावरून अंदाज येईल.

शाळेत गणिताचं प्रोजेक्ट आहे. एक आकडा निवडायचा आणि तो काय सांगतो, काय लपवतो, ते मांडायचं. त्याने हाच निवडला. मी म्हटलं, अरे पावसाचा घे, पेट्रोलच्या भावाचा घे. ऐकायला तयार नाही. वर्गातली मुलं १३.९ म्हणून त्याला चिडवतात आणि सगळं खापर ब्राइस यंगवर फोडतात. हा पोरगेला क्वार्टरबॅक (पास टाकणारा मुख्य खेळाडू), ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, पहिल्या क्रमांकावर घेतलेला, पहिलंच वर्ष. मुलाचं म्हणणं, "आई, आकडा त्याच्या विरोधात गेला तरी चालेल, पण खरा असला पाहिजे." त्यामुळे मलाही हे नीट करायचं आहे.

मी स्वतः क्रिकेटवर वाढलेली, हा खेळ इथे येऊन शिकले. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: टचडाउनचे ६, त्यानंतरच्या किकचा १, फील्ड गोलचे ३.

त्याची एक वही आहे. प्रत्येक सामन्याचं एक पान. १७ डिसेंबरला अटलांटा फाल्कन्सविरुद्धचा सामना आम्ही स्टेडियममध्ये जाऊन पाहिला. दिवसभर पाऊस. स्टँड बरेचसे रिकामे. आमच्या पुढच्या रांगेत एक आजोबा प्लास्टिकचा पोंचो घालून बसले होते, ते आणि आम्ही, बाकी नुसत्या ओल्या खुर्च्या. पोराने वही पोंचोच्या आत पोटाशी धरली होती, तरी त्या पानावरची शाई पसरलीच. त्या पानावर आता फक्त ९ आणि ७ एवढंच वाचता येतं. ९–७ ने जिंकलो! शेवटी फाल्कन्स आपल्या गोललाइनजवळ आले होते, तिथे झेव्हियर वूड्सने पास अडवला, आणि मग यंगने ९० यार्ड नेलेली ती सलग चढाई (ड्राइव्ह). साडेसात मिनिटं चेंडू हातचा सोडला नाही आणि घड्याळ संपता संपता एडी पिनेरोने फील्ड गोल मारला. मी इतकी ओरडले की दुसऱ्या दिवशी ऑफिसच्या मीटिंगमध्ये घशातून आवाज फुटेना.

तर वहीतले गुण पहिल्या आठवड्यापासून क्रमाने असे: १०, १७, २७, १३, २४, २१, १५, १३, १३, १०, १०, १८, ६, ९, ३०, ०, ०.

अडलंय ते असं. यातले काही गुण ऑफेन्सने, म्हणजे चेंडू पुढे नेणाऱ्या बाजूने, केलेलेच नाहीत. मिनेसोटाविरुद्धच्या १३ मध्ये सॅम फ्रँकलिनने चेंडू पळवून ९९ यार्ड धावत केलेला टचडाउन आहे. मायामीच्या २१ मध्ये ट्रॉय हिलचा तसाच एक. शिकागोच्या १३ मध्ये स्मिथ-मार्सेटचा पंट रिटर्न, म्हणजे समोरच्यांनी लाथेने उडवलेला चेंडू घेऊन ७९ यार्ड धावत केलेला टचडाउन. हे वजा करायचे का? दुसरं, सिएटलला यंग जखमी होता, त्याच्या जागी अँडी डाल्टन खेळला आणि २७ गुण झाले. ते यंगच्या खात्यात कसे धरायचे? आणि शेवटची दोन शून्यं सरासरी खाली खेचतात, ती तशीच ठेवायची ना?

जमेल तितकं सोप्या भाषेत सांगा, त्यालाही वाचून दाखवणार आहे.

---

गणित_मास्तर

ताई, आधी मुलाला शाबासकी द्या. बावीस वर्षं शिकवतोय, 'खरा असला पाहिजे' म्हणणारी मुलं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी भेटली.

फुटबॉल मला कळत नाही, त्यामुळे फक्त आकड्यांचं बोलतो. शून्यं अजिबात काढायची नाहीत. ते सामने झालेले आहेत. मात्र ती काढली तर काय होतं, हे वेगळं दाखवू शकतो: २३६ भागिले १५, म्हणजे १५.७. दोन सामन्यांनी जवळपास दोन गुणांचा फरक पाडला, ही माहिती म्हणून द्यावी, दुरुस्ती म्हणून नाही.

आता त्याला सतराही आकडे लहानापासून मोठ्यापर्यंत लिहायला सांगा आणि मधला, म्हणजे नववा बघू द्या. तो १३ येतो. सरासरी १३.९, मध्यक १३. याचा अर्थ सरासरीने इथे फार फसवलेलं नाही. एखाददुसऱ्या वाईट दिवसाने आकडा खाली आला, असं त्याला म्हणता येणार नाही. साधारण दिवस तसाच होता. हे त्याला आवडणार नाही, पण सांगा.

वजाबाकीचं उत्तर त्याचा प्रश्न काय आहे यावर ठरेल. 'संघाने किती गुण केले' असा प्रश्न असेल तर सगळे धरायचे. 'ऑफेन्सने किती केले' असा असेल तर वजा करायचे. दोन्ही आकडे द्यावेत आणि प्रत्येकावर नाव लिहावं. मुलं आकडा लिहितात आणि तो कशाचा ते लिहीत नाहीत, तिथेच मार्क जातात.

---

बोरिवली_फास्ट

क्रिकेटवाल्यांसाठी: ऑफेन्सने न केलेल्या त्या तीन टचडाउनचे गुण म्हणजे अवांतर धावा समजा. संघाच्या धावसंख्येत त्या येतातच, पण फलंदाजांच्या नावावर नाही. ३ टचडाउन आणि ३ किक, २१ गुण. २३६ वजा २१, २१५. भागिले १७, म्हणजे १२.६५.

---

सांगलीकरीण

हे तर अजूनच कमी झालं! मी वाचून दाखवलं, तो गप्प बसला आणि मग वहीत लिहून घेतलं. डाल्टनचा सामना वगळून यंगच्या १६ सामन्यांचं त्याने स्वतःच केलं: २३६ वजा २७ वजा २१, १८८. भागिले १६, ११.७५.

---

तळ्याकाठचा_शिकागोकर

मी शिकागो बेअर्सवाला, तरी इथे पँथर्सच्या बाजूने बोलणार आहे. ११.७५ हा आकडा यंगच्या गळ्यात बांधून थांबणं बरोबर नाही.

ड्राफ्टचा पहिला क्रमांक मिळवायला पँथर्सनी आम्हाला काय दिलं ते बघा. डी. जे. मूर, म्हणजे त्यांचा सगळ्यात चांगला रिसीव्हर (पास झेलणारा). वर २०२३ चे नववा आणि एकसष्टावा हे दोन क्रमांक, २०२४ ची पहिल्या फेरीची निवड आणि २०२५ ची दुसऱ्या फेरीची. सगळ्यात कमी जिंकणाऱ्या संघाचा क्रमांक पहिला, त्यामुळे २ विजयांमुळे २०२४ ची ती निवड थेट पहिल्या क्रमांकाची झाली आणि ती आमच्याकडे आली. आम्हाला आनंद आहे, पण पोराने चेंडू टाकायचा तरी कोणाकडे, हा प्रश्न राहतोच. रिसीव्हर थीलनने १०३ झेल घेतले, हजार यार्डांच्या वर गेला. त्याच्या पलीकडे भरवशाचं कोणी नव्हतं.

दुसरं, यंग ६२ वेळा सॅक झाला, म्हणजे पास टाकण्याआधीच पाडला गेला. सोळा सामन्यांत ६२, म्हणजे सामन्याला जवळपास चार. प्रत्येक वेळी काही यार्ड मागे आणि एक प्रयत्न वाया. तिसरं, नोव्हेंबरच्या शेवटी १ विजय, १० पराभव असताना कोच फ्रँक राइखना काढलं. नवा क्वार्टरबॅक आणि मध्येच बदललेला कोच, अशात कोणाचं बस्तान बसेल?

मुलाला एक जास्तीचा तक्ता करायला सांगा: खाल्लेल्या गुणांपैकी प्रतिस्पर्ध्याच्या ऑफेन्सने किती केले. इंडियानापोलिस कोल्ट्सचा सामना घ्या. २७–१३ ने हरले. पण त्यात कोल्ट्सच्या केनी मूरने यंगचे दोन पास अडवून दोन टचडाउन केले. किक धरून १४ गुण. ते बाजूला ठेवले तर कोल्ट्सच्या ऑफेन्सचे १३ आणि पँथर्सचेही १३.

---

गणित_मास्तर

शिकागोकरांचा मुद्दा चांगला आहे, फक्त एक सांभाळा. हा तक्ता यंगच्या बाजूचा नाही. ते १४ गुण त्याच्याच पासवर गेले. मुलाने तो दाखवावा, पण 'यंगची चूक नाही' असा निष्कर्ष त्यातून काढू नये. 'ऑफेन्सने गुण केले नाहीत, शिवाय दिलेही', असं तो सांगतो. स्वतःचे अवांतर वजा करायचे तर समोरच्याचेही करायचे. एकाला एक माप आणि दुसऱ्याला दुसरं, असं नको.

---

चार्ल्स_नदीकाठी

आमच्या न्यू इंग्लंड पेट्रियट्सनीही यंदा बरोबर २३६ च केले! ते ४ जिंकले, पँथर्स २. पेट्रियट्सनी ३६६ खाल्ले, पँथर्सनी ४१६. सरासरी तीच, नशीब वेगळं. प्रोजेक्टमध्ये शेजारी शेजारी ठेवायला याहून चांगली जोडी मिळायची नाही.

---

बोरिवली_फास्ट

वहीतले आकडे परत चाळले तेव्हा एक गोष्ट डोळ्यांत भरली, कोणीच लिहिली नाही म्हणून लिहितो. पँथर्स जिंकले ते कधी? ह्यूस्टनविरुद्ध १५–१३ आणि अटलांटाविरुद्ध ९–७. आणि १५ च्या वर गुण किती वेळा केले? १७, २७, २४, २१, १८, ३०. सहा वेळा. साही सामने हरले! ग्रीन बेविरुद्ध ३० केले, सीझनमधले सर्वांत जास्त, आणि ३३–३० ने गेले.

म्हणजे ज्या दिवशी ऑफेन्स चाललं त्या दिवशी डिफेन्स कोसळलं, आणि डिफेन्स उभं राहिलं त्या दिवशी ऑफेन्स आटलेलं. कदाचित दोन्हींचा संबंधही असेल. मोठ्या फरकाने मागे पडल्यावर समोरचा संघ सैल सोडतो, तेव्हा गुण सोपे मिळतात. मायामीत हिलचा टचडाउन आला तेव्हा ३५–१४ अशी स्थिती होती. तुमच्या मुलाने आडव्या रेषेवर केलेले गुण आणि उभ्या रेषेवर खाल्लेले गुण घेऊन सतरा ठिपके काढावेत. जिंकलेल्या दोन ठिपक्यांना वेगळा रंग. ते दोन्ही तळाशी डावीकडे येतील. शिक्षकांना एका नजरेत कळेल.

---

सांगलीकरीण

बोरिवली_फास्ट, तुमचं वाचलं आणि पोरगा खुर्चीतून उठलाच! स्वयंपाक अर्धवट टाकून आम्ही दोघं ठिपके काढत बसलो. खरंच, दोन निळे ठिपके अगदी कोपऱ्यात. मग त्याने मला विचारलं, "म्हणजे जास्त गुण केले की हरतो का?" मी गोंधळले. तसं नक्कीच नसणार, पण त्याला पटेल असं कसं सांगू?

---

गणित_मास्तर

सतरा सामन्यांत फक्त दोन विजय आहेत, हे आधी त्याच्यापुढे ठेवा. दोन ठिपक्यांवरून नियम करायचा नसतो. दोन्हींत फरक २ गुणांचा, दोन्ही फील्ड गोल शेवटच्या क्षणी. एखादा फील्ड गोल खांबाला लागला असता तर ठिपक्याचा रंग बदलला असता. मग त्याला विचारा, लीगमधल्या सगळ्या संघांचे सगळे सामने घेतले तर निळे ठिपके कुठे दिसतील? उत्तर तो स्वतः देईल.

---

शार्लट_जुने

मी इथे पुष्कळ वर्षं आहे, २०१० चा सीझन बघितलाय. तेव्हाही २ च विजय, १४ पराभव. गुण १९६. पण तेव्हा सामने १६ असायचे, १७ झाले २०२१ पासून. म्हणून एकूण गुणांची तुलना करू नका, सरासरीच घ्या: १९६ भागिले १६, १२.२५. यंदापेक्षा वाईट.

त्यानंतर ड्राफ्टमध्ये पहिल्या क्रमांकाने कॅम न्यूटन आला आणि २०११ मध्ये त्याच संघाने ४०६ गुण केले. २०१५ मध्ये ५००, १५ विजय, थेट सुपर बोल, म्हणजे लीगचा अंतिम सामना. यंदा पहिला क्रमांक हातात नाही, हे खरं. तरी मुलाला ही तीन वर्षं एका ओळीत लिहून द्या.

आणि शेवटच्या सामन्यातला तो क्षण त्याच्या वहीत आहे का? टँपाविरुद्ध डी. जे. चार्क चेंडू घेऊन गोललाइनपर्यंत पोचला होता. मागून टँपाच्या विनफिल्डने धावत येऊन हातातून चेंडू उडवला. तो एंड झोनमधून (गोललाइनच्या पलीकडच्या पट्टीतून) बाहेर गेला आणि चेंडू टँपाला मिळाला. हातभर अंतर. त्याचे सात मिळाले असते तर एकूण २४३, सरासरी १४.३. ९–० ने हरलो.

---

सांगलीकरीण

वहीत आहे. त्या पानावर त्याने मैदानाची रेघ काढून रेघेच्या अलीकडे एक ठिपका दिलाय, बाजूला काही लिहिलेलं नाही. मला तो ठिपका कसला ते आज कळलं.

सगळ्यांचे मनापासून आभार. प्रोजेक्ट आता असं ठरलंय. पहिल्या पानावर १३.९, त्याखाली 'संघाचे सगळे गुण' असं नाव. मग मध्यक १३. मग १२.६५ 'फक्त ऑफेन्स' आणि ११.७५ 'यंग खेळला ते १६ सामने, फक्त ऑफेन्स', सॅकचा ६२ आकडा त्याच्या शेजारीच. कोल्ट्सचा तक्ता मास्तरांनी सांगितलं तसा दोन्हीकडून. पेट्रियट्स शेजारी. शेवटी ठिपक्यांचा आलेख. २०१०, २०११ आणि २०१५ तो वेगळ्या कागदावर लिहितोय, तो कागद भिंतीवर लावायचा म्हणतो.

एकच राहिलं. ते पावसात भिजलेलं पान मूळ वहीतलंच चिकटवायचं की नवीन लिहायचं, यावर आमच्यात वाद चाललाय. शाळेत चालेल का तसं? मास्तर, तुम्ही सांगाल ते करू.

---

गणित_मास्तर

मूळ पानच लावा. खाली पेन्सिलने तारीख घालायला सांगा.